उंबरठ्याबाहेरची विद्या

सुमारे पंचवीस वर्षांपूर्वीची गोष्ट आहे. नांदेड जिल्ह्यातील एका महाविद्यालयात आम्ही इंग्रजीचे अध्यापन करीत होतो आणि मराठीचे अध्यापक रजेवर गेल्यामुळे पहिल्या वर्षाचा मराठीचा एक तासही आमच्याकडे आला होता. ‘आमच्या भागातील जत्रा’ हा वापरून वापरून गुळगुळीत झालेला विषय आम्ही विद्यार्थ्यांस निबंधासाठी दिला. बहुतेकांनी अपेक्षेप्रमाणे लिहिले : रम्य पहाट, घंटानाद, भाविकांची रीघ, आकाशपाळणे आणि शेवटी राष्ट्रीय ऐक्य. एका विद्यार्थ्याने मात्र लोहा तालुक्यातील माळेगावच्या खंडोबाची जत्रा घेतली, देवाचे दर्शन दोन ओळींत उरकले आणि उरलेली चार पाने जनावरांच्या बाजारात घालविली. दात पाहून आदत, दुसा, चौसा, जुळलेला असे बैलाचे वय कसे ठरवितात. लाल कंधारीची पारख खुरावरून आणि वशिंडावरून कशी होते. अंगावरचा कोणता भोवरा शुभ आणि कोणता अशुभ मानतात व हेडी लोक त्या समजुतीचा उपयोग भाव पाडण्यासाठी कसा करितात. रुमालाखाली एकमेकांची बोटे दाबून सौदा कसा ठरतो आणि तो चार पावलांवर उभ्या असलेल्या माणसासही कसा कळत नाही, हे सारे त्याने सविस्तर लिहिले होते. आम्ही तांबड्या शाईने समासात ‘विषयांतर’ असे लिहिले, ‘हेडी’ आणि ‘आदत’ या शब्दांखाली रेघा ओढून ‘ग्राम्य शब्द टाळावेत’ असा शेरा मारला आणि दहांपैकी साडेतीन गुण दिले.

त्या निबंधाची आठवण आम्हांस पुढे अनेकदा झाली, आणि प्रत्येक वेळी ती अधिक टोचली. त्या गठ्ठ्यात जे आम्हांस ठाऊक नव्हते असे काही सांगणारा तो एकच निबंध होता. इतरांच्या निबंधांत चुका काढावयास जागा नव्हती, कारण त्यांत काही नव्हतेच. तेव्हा प्रस्तुत लेखाचा विषय तो विद्यार्थी नव्हे, त्याला साडेतीन गुण देणारी आमची अभिरुची हा आहे. ती अभिरुची आमच्या एकट्याची असती तर तिचा पाढा जाहीरपणे वाचण्याचे प्रयोजन नव्हते. परंतु नांदेड-लातूरच्या शाळा-महाविद्यालयांतून गेली पाऊणशे वर्षे जी विद्या दिली जाते तिच्या मुळाशीच ही अभिरुची बसलेली आहे, असे आमचे मत झाले आहे.

शिक्षणशास्त्रज्ञांत अलीकडे एक विचार पुष्कळ बोलला जातो. विद्यार्थी शाळेत कोरी पाटी घेऊन येत नाही. घरातून, वस्तीतून, आईबापांच्या धंद्यातून तो बरेच काही जाणून आलेला असतो, आणि शाळेने त्याच्या उणिवांची मोजदाद करण्यापूर्वी या जमेच्या बाजूची करावी, असा तो विचार आहे. अमेरिकेच्या ॲरिझोना राज्यातील टूसॉन शहरी लुइस मॉल, नॉर्मा गोंझालेझ प्रभृतींनी यावर काम केले आणि १९९२ साली त्याचा वृत्तांत प्रसिद्ध झाला. तेथील शिक्षक मेक्सिकन मजुरांच्या घरी गेले. झडती घ्यावयास नव्हे, शिकावयास. शेती, गुरे, खाणकाम, औषधी, उसनवारीचा व्यवहार अशा कितीतरी गोष्टींचे ज्ञान त्या घरांत साठलेले त्यांना आढळले. एका शिक्षिकेला कळले की, आपल्या वर्गातील एक मुलगा मेक्सिकोहून आणलेली मिठाई शेजारीपाजारी विकतो. तिने त्या मिठाईवरून वर्गाचे गणित, विज्ञान व भूगोल यांचे पाठ बसविले आणि वस्तीतल्या एका आईला ती मिठाई करून दाखविण्यासाठी वर्गात बोलाविले. पुढे २००५ साली तारा योसो या विदुषीने याच विचारास अधिक धार दिली. वरच्या थरातील संस्कृती हेच काय ते भांडवल आणि बाकीचे सारे दारिद्र्य, असे मानणाऱ्या सिद्धांतालाच तिने हरकत घेतली.

हा विचार सातासमुद्रापलीकडचा म्हणून त्याकडे कौतुकाने किंवा संशयाने पाहण्याचे कारण नाही. आमच्याकडे तो अधिक जुना आहे. महानुभाव पंथातील केशिराज व्यास संस्कृतातून लिहू लागले तेव्हा नागदेवाचार्यांनी त्यांस अडविले, कारण पंथातील म्हाताऱ्या बायाबापड्यांस ते कळले नसते. ही तेराव्या-चौदाव्या शतकातील गोष्ट होय. जोतीराव फुले यांनी १८८२ साली हंटर आयोगापुढे जे निवेदन दिले त्यात प्राथमिक शाळेत मोडी-बाळबोध व हिशेब यांच्या जोडीला शेतीचे ज्ञान असावे आणि शिक्षक शक्यतो शेतकरी वर्गातून यावेत, अशी मागणी आहे. असा शिक्षक लोकांत मिसळतो आणि त्यांच्या गरजा ओळखतो, हे त्यांचे कारण. ताराबाई मोडक आणि अनुताई वाघ यांनी १९४५ पासून बोर्डीस व पुढे कोसबाडच्या टेकडीवर जे काम केले ते तर सर्वश्रुत आहे. माँटेसरीची महागडी साधने परवडत नव्हती म्हणून शिंपले, बिया, खडे, पाने घेतली, इतकेच त्याचे वर्णन पुष्कळदा केले जाते. परंतु गुरे राखणारी मुले शाळेत येत नाहीत असे दिसताच शाळाच कुरणात नेण्याची जी ‘कुरणशाळा’ त्यांनी काढली तिच्यात काटकसरीहून मोठी दृष्टी होती. असो. हा इतिहास येथे लांबविण्याचे प्रयोजन नाही. विचार आपला आहे एवढे म्हटल्याने तो आपल्या आचरणात येत नाही, आणि मराठवाड्याला तर या बाबतीत स्वतःचाच एक धडा मिळालेला होता. त्याकडे वळू.

हैदराबादेस १९१८ साली उस्मानिया विद्यापीठ स्थापन झाले आणि त्याचे माध्यम उर्दू ठेवण्यात आले. इंग्रजीऐवजी एका देशी भाषेतून उच्च शिक्षण देण्याचा तो हिंदुस्थानातील फार मोठा प्रयोग होता, हे न्यायबुद्धीने मान्य केले पाहिजे. परंतु ती देशी भाषा संस्थानातील बहुसंख्य प्रजेची नव्हती. तेलुगू, मराठी आणि कानडी मुलांस वरच्या इयत्तांत भूगोलाचा ‘जुगराफिया’ करून शिकावा लागे. आमचे आजोबा या शिक्षणातून गेले होते. त्यांना उर्दू शेर शेकड्यांनी पाठ होते आणि म्हातारपणी ते रंगून म्हणत. त्या भाषेने त्यांना काही दिले नाही असे आम्ही म्हणणार नाही. तथापि वर्गात तोंड उघडण्यापूर्वी मनातल्या मनात वाक्य दोनदा फिरवून पाहण्याची जी सवय त्यांना लागली ती जन्मभर गेली नाही. आपली भाषा शाळेत चालत नाही याचा अर्थ आपणच शाळेत चालत नाही, असा मूल काढते, असे ते म्हणत. हिप्परग्याच्या राष्ट्रीय शाळेसारख्या शाळा निघाल्या, व्यंकटेश खेडगीकर म्हणजे पुढचे स्वामी रामानंद तीर्थ तेथे मुख्याध्यापक झाले, त्यामागे ही वेदनाही होती. १७ सप्टेंबर १९४८ रोजी निजामी राजवट संपली. १९५० साली नांदेडास पीपल्स कॉलेज निघाले. मराठवाड्याचे मूल आपल्या भाषेत शिकू लागले.

पण कोणाच्या भाषेत? नांदेड आणि लातूर हे जिल्हे नकाशावर पाहावेत. देगलूर, बिलोली, धर्माबाद या तालुक्यांत घराघरांत तेलुगू बोलली जाते. उदगीर, देवणी, निलंगा या बाजूस कानडी आहे. किनवट आणि माहूरच्या डोंगरांत गोंडी व कोलामी आहेत. मुखेड, कंधार, जळकोट, अहमदपूर, किनवट येथील तांड्यांवर गोरमाटी आहे, जिचे नाते ग्रियर्सनने राजस्थानीशी जोडले होते. नांदेड शहरात दखनी उर्दू आहे, आणि १७०८ साली गुरू गोविंदसिंग यांचे येथे देहावसान झाल्यापासून वसलेल्या शीख कुटुंबांची पंजाबीही आहे. आणि मराठी जी आहे ती तरी पुण्याची कोठे आहे? ‘काय करायलास?’ हे आमच्याकडचे रोजचे वाक्य. ‘करायला लागला आहेस’ याचा तो उघड संकोच असावा; लागणे या क्रियापदाने चालू काळ दाखविण्याची ही मोठी सुटसुटीत युक्ती आहे आणि व्याकरणाच्या वर्गात ती एक सुंदर उदाहरण होऊ शकेल. आमच्या वर्गात ती फक्त अशुद्ध असते.

ज्या प्रदेशाने तीस वर्षे परभाषेच्या बाकावर बसून काढली त्याने तांड्यावरच्या मुलाला पुन्हा तशाच बाकावर बसविले, आणि त्यात काही वावगे आहे असे कोणास वाटले नाही. आम्हांसही वाटले नाही. गोरमाटी घरात आईला ‘याडी’ म्हणतात. पहिल्या दिवशी चित्रातल्या बाईकडे पाहून मूल तो शब्द उच्चारते आणि वर्ग हसतो. हे हसणे दुष्टपणाचे नसते. त्यामुळेच त्याचा बंदोबस्त करणे कठीण जाते.

त्याच मुलाच्या इतिहासाकडे पाहावे. बंजारे शेकडो वर्षे बैलांच्या पाठीवर धान्य, मीठ, मसाले लादून देशभर नेत. या व्यापारास ते ‘लदेणी’ म्हणतात. दख्खनच्या फौजा त्यांच्यावाचून उपाशी राहिल्या असत्या. १८०३ सालची असईची लढाई आमच्याच मराठवाड्यात, आजच्या जालना जिल्ह्यात झाली. त्या मोहिमेतील वेलस्लीच्या पत्रव्यवहारात बंजाऱ्यांकडून होणाऱ्या धान्यपुरवठ्याची चिंता वारंवार डोकावते. शाळेतल्या इतिहासात त्या लढाईचे साल असते, सेनापती असतो, कोण हरले तेही असते. फौजेने काय खाल्ले हा प्रश्न नसतो. तो विचारला असता तर तांड्यावरचे मूल घरी जाऊन आजोबास विचारते, आणि आजोबांजवळ उत्तर असते. हजार बैलांचा तांडा चालवावयाचा म्हणजे दिवसाची मजल, वाटेवरचे पाणी, बैलास पेलणारा भार आणि मालाचा दोन गावांतील भाव यांचा मेळ घालावा लागतो. हे गणितही आहे, भूगोलही आहे आणि अर्थशास्त्रही आहे. रेल्वे आणि सडका आल्या, तो व्यापार बुडाला, आणि पुढे १८७१ च्या कायद्याचा आधार घेऊन कित्येक भटक्या जमातींवर गुन्हेगारीचा शिक्का मारण्यात आला. हे सारे ज्याच्या घरात घडले तो विद्यार्थी पाठ्यपुस्तकात आपला शोध घेतो तेव्हा त्याला स्वतःचे दर्शन होते ते बहुधा स्नेहसंमेलनात.

या स्नेहसंमेलनांविषयी एक शब्द लिहिल्यावाचून राहवत नाही. आरसे लावलेला फेटिया आणि कांचळी भाड्याने आणतात, गावातील सुखवस्तू घरांच्या मुली त्या नेसून ‘बंजारा नृत्य’ करितात, प्रमुख पाहुणे भारतीय संस्कृतीच्या विविधतेवर बोलतात आणि तांड्यावरची मुलगी खाली सतरंजीवर बसून ते पाहते. ते भरतकाम तिच्या याडीने रात्री जागून केलेले असते. त्यातील टाक्यांची नावे तिला ठाऊक असतात, पण ती तिला कोणी विचारीत नाही. विद्यार्थ्यांच्या संस्कृतीचा मान राखणे याचा अर्थ आमच्याकडे एवढाच उरला आहे. वर्षातून एक संध्याकाळ, पोशाखापुरते.

आता लातूरकडे येऊ. कारण ज्या शिक्षणपद्धतीला आपल्या गावाचे नाव मिळाले आणि सबंध महाराष्ट्रात दुमदुमले असे भाग्य फार थोड्या गावांस लाभले आहे. ‘लातूर पॅटर्न’विषयी पुण्या-मुंबईकडील मंडळी नाक मुरडून बोलतात ते आम्हांस मान्य नाही. लातूर हा जिल्हाच मुळी १९८२ साली झाला. निजामी अमदानीत मागे राहिलेला, वारंवार अवर्षणाने गांजलेला हा मुलूख. येथील मुलांनी डॉक्टर-इंजिनिअर व्हावे ही कल्पनाही कोणास शिवत नसे. राजर्षी शाहू महाविद्यालयासारख्या संस्थांतील अध्यापकांनी जादा तास, वारंवार परीक्षा आणि शिस्तबद्ध उजळणी यांच्या बळावर गुणवत्ता याद्यांत आमच्या मुलांची नावे आणली. मराठवाड्याचे डोकेच मंद, हा समज या एका गोष्टीने जितका खोडून काढला तितका शंभर व्याख्यानांनी खोडला नसता. ३० सप्टेंबर १९९३ च्या पहाटे किल्लारीच्या भूकंपाने हजारो माणसे दगडमातीखाली गाडली, तरी हा उत्साह मोडला नाही. २०१६ च्या एप्रिलात मिरजेहून आगगाडीने पाणी आणून लातूरची तहान भागवावी लागली, तरी खोल्या भाड्याने घेऊन मुलांसाठी स्वयंपाक करीत राहिलेल्या आया आम्ही पाहिल्या आहेत. ज्यास आजचे शिक्षणशास्त्र समाजाचे बळ म्हणते ते यापेक्षा निराळे काय असते?

तथापि हे बळ वापरून घेणारी पद्धती त्या बळाला स्वतःच्या अभ्यासक्रमात जागा देत नाही, ही आमची खरी तक्रार आहे. देवणीचा मुलगा लातूरच्या खोलीवर येतो. देवणी गोवंशात सर्वांगी पांढरा तो बाळंक्या, पांढऱ्या अंगावर तोंडाशी काळेपणा असलेला तो वानेरा आणि अंगभर काळे ठिपके असलेला तो शेवरा, हे त्याला आठव्या वर्षापासून ठाऊक असते. कोणत्या गाईला कोणता वळू दाखविला म्हणजे वासरू कोणत्या रंगाचे होण्याचा संभव, याविषयी त्याच्या बापाचे ठाम मत असते आणि ते चाळीस वर्षांच्या अनुभवावर उभे असते. या मुलास आनुवंशिकता शिकविताना मेंडेलचे वाटाणे सांगतात. ते सांगावेतच. पण त्याच्या गोठ्याविषयी एकही प्रश्न दोन वर्षांत त्यास कोणी विचारीत नाही. विचारावयास वेळ नाही, कारण गोठा परीक्षेत येत नाही. पुढे हाच मुलगा कदाचित उदगीरच्या पशुवैद्यकीय महाविद्यालयात जाईल आणि बापाने सांगितलेले पुन्हा इंग्रजीतून शिकेल. तोपर्यंत बापाचे बोलणे अडाण्याचे असते, हे त्याच्या मनात पक्के झालेले असेल.

योगायोग असा की, शाहू महाविद्यालयाचे अनेक वर्षे प्राचार्य आणि १९९४ साली नांदेडास निघालेल्या स्वामी रामानंद तीर्थ मराठवाडा विद्यापीठाचे पहिले कुलगुरू डॉ. जनार्दन वाघमारे हे अमेरिकेतील कृष्णवर्णीयांच्या साहित्याचा मराठी वाचकांस परिचय करून देणारे अभ्यासक. हिणविलेल्या समाजाची बोली, त्याची गाणी, त्याच्या आठवणी यांतून थोर वाङ्मय उभे राहते, हे ज्या गावातून मराठीस सांगण्यात आले त्याच गावात विद्यार्थ्याची बोली वसतिगृहाच्या दाराशी चपलांबरोबर काढून ठेवण्याची रीत पडली. यात कोणा व्यक्तीचा दोष आहे असे आम्हांस वाटत नाही. वाङ्मय आणि अभ्यासक्रम हे आमच्या डोक्यात दोन निरनिराळ्या कप्प्यांत राहतात.

येथवर आमचे लिहिणे एकेरी झाले आहे, आणि साक्षेपी वाचकाच्या मनात एव्हाना एक शंका आली असेल. घरचे ज्ञान, समाजाचे ज्ञान म्हणून जे काही असेल ते सारे शाळेने डोक्यावर घ्यावयाचे काय? भोवऱ्याच्या शुभाशुभापासून बालविवाहापर्यंत समाज पुष्कळ काही शिकवितो. शंका रास्त आहे, आणि तिचे उत्तर शोधण्यासाठी लातूर जिल्ह्याच्या धनेगावातून मराठीला मिळालेले एक पुस्तक पुढे घेऊ. लक्ष्मण गायकवाड यांचे ‘उचल्या’ १९८७ साली प्रसिद्ध झाले आणि पुढच्याच वर्षी त्यास साहित्य अकादमीचा पुरस्कार मिळाला. ज्या जमातीवर चोरीचा शिक्का आहे तिच्यात जन्मलेला, घरातून शाळेत गेलेला पहिला मुलगा आपली कथा सांगतो. येथे वस्तीची ‘विद्या’ म्हणजे खिसा कापण्याचे कसब. पुढे पोलिसांचा मार सोसता यावा म्हणून लेकरांना घरीच मारून तयार करणे हाही त्या शिक्षणाचा भाग. ज्यांना समाजाचे ज्ञान हा शब्द फार गोड वाटतो त्यांनी हे पुस्तक आधी वाचावे. उपासमारीने आणि कायद्याने लादलेले कौशल्य हे त्या समाजाचे वैभव नव्हे. १८७१ चा गुन्हेगार जमाती कायदा १९५२ साली रद्द झाला. त्यानंतरही पोलिसांची नजर बदलली नाही, हे या पुस्तकाचे गाऱ्हाणे आहे. शाळेचे पहिले कर्तव्य त्या मुलास त्यातून बाहेर पडण्याची वाट दाखविणे हेच असले पाहिजे. फुल्यांनी शेती शिकवा म्हटले ते शेतकऱ्याच्या पोराने शेतातच राहावे म्हणून म्हटले नव्हते. तांड्याच्या मुलास ‘तुमची संस्कृती फार थोर’ म्हणून बैलामागे पाठवावयाचे आणि आपल्या मुलास लातूरच्या शिकवणीस, असे जर या नव्या विचाराचे फलित होणार असेल तर जुना तिरस्कार परवडला. तो निदान उघड होता.

परंतु त्याच पुस्तकाने आमच्या शंकेचे दुसरे अर्धे उत्तरही दिलेले आहे. ‘उचल्या’चे वाङ्मयीन बळ कशात आहे? लेखकाच्या वेदनेत आहे, असे सर्वजण म्हणतात. वेदना पुष्कळांस असते. या पुस्तकाचे बळ त्याच्या नेमकेपणात आहे : कोणी काय खाल्ले, कोणाच्या अंगावर कसे वळ उठले, वाटणी कशी झाली, कोणत्या शब्दाने कोणी कोणास सावध केले. हा नेमकेपणा वस्तीनेच त्याला दिला. ज्या वस्तीत चुकीची नजर पडली तर तुरुंग, तेथील मूल पाहावयास फार लवकर शिकते. शाळेने त्याला लिपी दिली, आणि ही काही लहान देणगी नव्हे. पण पाहणे दिले ते वस्तीने, आणि भाषा दिली तीही वस्तीनेच. शाळेने त्याची भाषा पूर्णपणे ‘सुधारली’ असती तर अकादमीला पुरस्कार देण्यासारखे काही उरले नसते. चोरीचे कसब टाकावयाचे आणि ती नजर, ती स्मृती, एकमेकांस धरून राहण्याची ती रीत ठेवावयाची, ही निवड शिक्षकास करता आली पाहिजे. निवड करण्यासाठी आधी वस्ती माहीत असावी लागते.

आज हे पुस्तक विद्यार्थी महाविद्यालयांत अभ्यासतात. बाजारी मार्गदर्शकांतून त्यावरच्या प्रश्नांची तयार उत्तरे मिळतात आणि त्यांत ‘लेखकाची भाषा बोलीमिश्रित, ग्राम्य परंतु प्रभावी आहे’ असे एक वाक्य असते. विद्यार्थी ते पाठ करितात. तशाच वस्तीतून आलेला विद्यार्थीही करितो, आणि ते प्रमाण भाषेत लिहून गुण मिळवितो. त्याने स्वतः तशा भाषेत उत्तर लिहिले तर काय होईल, हे तो जाणतो.

२००५ च्या राष्ट्रीय अभ्यासक्रम आराखड्यात शाळेबाहेरच्या जीवनाशी ज्ञान जोडावे असे म्हटले होते. २०२० च्या राष्ट्रीय शिक्षण धोरणात निदान पाचवीपर्यंत, शक्य तर आठवीपर्यंत मातृभाषा किंवा घरची भाषा हे माध्यम असावे असे म्हटले आहे. ही वाक्ये चांगली आहेत. मुखेड तालुक्यातील एका जिल्हा परिषदेच्या शाळेत गेल्या वर्षी आम्ही गेलो होतो तेव्हा या वाक्यांची आठवण झाली, म्हणून तेथील एक प्रसंग सांगतो. पाचवीच्या वर्गात गुरुजी नफातोट्याचे उदाहरण घालीत होते. दुकानदाराने खुर्च्या घेतल्या आणि विकल्या, असे काहीसे होते. मागच्या रांगेतील एका मुलाला ते येईना. तो वर्षातील पाच महिने आईबापांबरोबर ऊसतोडीला जातो, त्यामुळे कच्चा राहिला आहे, असे गुरुजींनी आम्हांस हलक्या आवाजात सांगितले. मधल्या सुटीत आम्ही त्याच्याशी बोलत बसलो. नवराबायको मिळून एक कोयता. कोयत्यामागे मुकादमाने दिलेली उचल. दिवसाला किती टन ऊस तुटला तर किती फिटते. पाऊस पडून फड बंद राहिला तर किती अंगावर राहते. वाढे विकून वरखर्च कसा निघतो. आणि पट्टी पडण्याच्या दिवशी मुकादमाचा हिशेब व आपल्या आईने मनात ठेवलेला हिशेब यांत दरवर्षी फरक का पडतो, हे त्याने आम्हांस बोटांवर मोजून सांगितले. खुर्च्यांचे उदाहरण त्यापुढे पोरखेळ होते. गुरुजी जवळच उभे होते. ते भले गृहस्थ आहेत. ‘सर, हे पुस्तकात नाही, आणि तपासणीला येणारे साहेब पुस्तकातले विचारतात,’ असे ते म्हणाले. थोडे थांबून पुन्हा म्हणाले, ‘माझे वडीलही कोयता घेऊन जायचे. मला हे सगळं येतं.’

हे वाक्य आम्ही घरी येईपर्यंत मनात घोळवीत होतो. फुल्यांनी मागितलेला शिक्षक सव्वाशे वर्षांहून अधिक काळाने त्या वर्गात येऊन उभा होता. पण वर्गाचा उंबरठा ओलांडताना त्याने आपली विद्या बाहेर ठेवली होती, आणि ती तेथे ठेवावयास ज्यांनी शिकविले त्यांत आमच्यासारखे प्राध्यापक होते. त्यांपैकी एखाद्याने त्याच्याही निबंधास साडेतीन गुण दिले असतील.

यंदा आम्ही आमच्या वर्गास तोच जुना विषय पुन्हा दिला. या वेळी फक्त एवढे सांगितले की, जत्रेत तुमच्या घरचे माणूस काय काम करिते ते लिहा, आणि त्या कामाचे शब्द जसे असतील तसे लिहा. बरेच निबंध वाईटच आले. सवय एका तासात जात नाही. काही चांगले आले. पण लिहावयास बसण्यापूर्वी किनवटकडच्या एका मुलीने उभे राहून विचारले, ‘सर, गोंडी शब्द लिहिले तर गुण कापतील का?’ आम्ही कापणार नाही, असे आम्ही सांगितले. त्यावर तिने विचारले की, विद्यापीठाचा पेपर कोण तपासतो. ते आम्हांस ठाऊक नव्हते, आणि तसे आम्ही तिला सांगितले. ती खाली बसली आणि थोडा वेळ काही न लिहिता कागदाकडे पाहत राहिली.